मुरात्सानोची ‘तुमा’ : लांगे मेंढीच्या दुधाचं चीज

मी आधी मेंढी ओळखली, चीज नंतर.

तोरिनो, म्हणजे आपण ट्युरिन म्हणतो त्या शहरापासून दीड-दोन तासांवर आल्ता लांगा नावाचा डोंगराळ भाग आहे. दोन वर्षांपूर्वी एप्रिलमधल्या एका रविवारी मुरात्सानो गावाच्या अलीकडं मेंढरं रस्ता ओलांडत होती म्हणून गाडी थांबवली. साठेक पांढरी मेंढरं, मागं एक बाई, कडेनं चालणारं एक थोराड पांढरं कुत्रं. माझी नजर गेली ती नाकावर. कपाळापासून ओठापर्यंत एकाच बाकात उतरलेलं, राघूच्या चोचीसारखं नाक. आमच्या जत तालुक्यातल्या माडग्याळी मेंढ्याचं असंच नाक असतं, आणि त्या नाकापायी तिकडं बाजारात लाखांच्या बोल्या लागतात. सहा वर्षं इटलीत राहतोय, पण आपल्या गावाकडचं कुणीतरी अचानक भेटावं असं त्या रस्त्यावर पहिल्यांदा वाटलं.

आमचं गाव आटपाडीकडचं. आज्जा जन्मभर मेंढरांमागं चालला. दिवाळी झाली की वाडा, म्हणजे मेंढपाळांचा तळ, हलायचा, घोड्यावर बिऱ्हाड चढायचं आणि कराड-वाळव्याच्या काळ्या रानात शेतकऱ्यांकडं खतासाठी मेंढरं बसवायची, ती थेट पावसाळ्याच्या तोंडाला परत. माझ्या वडिलांनी शाळा धरली आणि घरातली मेंढरं गेली. त्यामुळं खाली जे लिहितोय ते चीजच्या जाणकाराचं मत नाही. मेंढीचं दूध लहानपणी प्यालेल्या माणसाचं आहे.

त्या बाईंना थांबवून मोठ्या उत्साहानं विचारलं, ही कुठली जात? ‘लांगे,’ त्या म्हणाल्या, ‘इथलीच.’ पुढच्या वळणावर त्यांचं घर, गोठा आणि दाराशी ‘चीज मिळेल’ अशी पाटी. तिथून मी पहिली तुमा आणली. तेव्हापासून महिन्या-दीड महिन्यानं जातोच.

लांगे मेंढी शिंगाची नसते. पाय उंच, डोकं लांबट, लोकर पांढरी. आपली दख्खनी मेंढी तिशीच्या आसपास किलो भरते, ही तिच्या दुप्पट. दख्खनी पाळली जाते मटणासाठी, खतासाठी आणि एकेकाळी लोकरीसाठी. दूध कोकराचं आणि उरलं तर चहाचं. लांगे मेंढी दुधासाठीच पाळली गेली. इटलीत दुधाची मेंढी म्हटलं की सगळ्यांना सार्दिनियाची आठवते, आणि त्या मेंढ्या लाखांनी आहेत. लांगे मात्र आता काही हजारांवर आलीय.

का आली, ते त्या बाईंनी धार काढता काढता सांगितलं. त्यांच्या आजीच्या काळी या टेकड्यांवर घरटी पाच-दहा मेंढ्या असायच्या. पुरुष शेतावर, मेंढ्या आणि चीज बायकांकडं. बाजाराच्या दिवशी तुमा विकून आलेल्या पैशावर घरचा वरखर्च निघायचा. युद्ध संपल्यावर माणसं डोंगर उतरली. कुणी तोरिनोत फियाटच्या कारखान्यात गेलं, कुणी खाली आल्बात फेरेरोकडं. फेरेरो म्हणजे १९४६ साली आल्बात सुरू झालेली आणि १९६४ पासून न्युटेला बनवणारी कंपनी. चॉकलेटला हेझलनट लागतं, इथलं हेझलनट नावाजलेलं, तेव्हा जे मागं राहिले त्यांतल्या पुष्कळांनी कुरणाच्या जागी झाडं लावली. झाडाजवळ रोज दोन वेळा धार काढायला बसावं लागत नाही. मेंढरांच्या घरात वाढलेल्या माणसाला यापुढचं काही समजावून सांगायला लागत नाही.

लोकरीची गत तर दोन्हीकडं एकच. आमच्याकडं कातरणीचा खर्चही लोकरीतून निघेना म्हणून ती रानात पडून राहते. यांच्याकडं लोकर म्हणजे नियमाप्रमाणं विल्हेवाट लावायचा कचरा. लांडगाही दोन्हीकडं आहे. इथं तो गेल्या तीसेक वर्षांत परत आला. म्हणून ते पांढरं कुत्रं, म्हणून रात्री विजेची तार. आज्जाकडं वाघर होती, सुताची जाळी. रात्री तिच्या आत मेंढरं आणि कोपऱ्याला काठी घेऊन बसलेला तो.

धार संध्याकाळी पाचला सुरू होते. मेंढ्या एका लाकडी चौथऱ्यावर ओळीनं चढतात, समोरच्या गव्हाणीत मूठभर सातूसाठी मान घालतात आणि यंत्राच्या नळ्या मागून लावल्या जातात. गाईसारखं बाजूनं नाही. आज्जीही मेंढीच्या मागंच बसायची. मी तिला व्हिडिओ कॉलवर ते दाखवलं. यंत्र, चौथरा, स्टीलची टाकी, यातलं काहीच तिनं विचारलं नाही. तिचा प्रश्न एकच होता : ‘कोकरांस्नी दूध ठिवत्यात का न्हाई?’ मी विचारून सांगितलं. पहिला महिनाभर कोकरू आईलाच पितं, धार त्यानंतर. मग त्यातली बरीच कोकरं ईस्टरच्या बाजारात जातात. ‘आपल्यागतच की,’ ती म्हणाली आणि मेंढ्यांची कास बघत राहिली.

चांगल्या दिवसात एक मेंढी लिटरभर, फार तर सव्वा लिटर देते असं बाई म्हणाल्या. ऐकायला कमी वाटतं. पण मेंढीच्या दुधात सहा-सात टक्के स्निग्धांश असतो, म्हणजे आपल्या म्हशीच्या तोडीचा. आणि प्रथिनं मात्र म्हशीहूनही जास्त, साडेपाच टक्क्यांच्या आसपास. चीज बनतं ते मुख्यतः या प्रथिनांमुळं. गाईच्या दहा लिटरांत जेवढं चीज, तेवढं मेंढीच्या पाच-सहा लिटरांत होतं. वाड्यावरचा मेंढीच्या दुधाचा चहा ज्यानं प्यालाय, ओठांवर ज्याची साय राहते आणि दुसरा कप मागवत नाही, त्याला हे आकडे जिभेनंच कळलेले असतात.

आता चीजबद्दल. इथल्या बोलीत त्याला तुमा म्हणतात. तळहाताएवढी गोल चकती, तीन-चार सेंटिमीटर जाड, वजनाला तीनशे-चारशे ग्रॅम. पनीरसारखं लिंबू पिळून दूध फाडत नाहीत. अंगाएवढ्या कोमट दुधात रेनेट, म्हणजे दूध थिजवणारा पाचक रस, घालतात, तासाभरात दूध खरवसासारखं थिजतं, ते कापून भोकाच्या साच्यांत भरतात आणि आतलं पाणी आपोआप निथळू देतात. वर हातानं कोरडं मीठ. मग फळीवर मांडून ठेवायचं, रोज उलटायचं, कोमट पाण्यानं पुसायचं. एवढंच. पण ‘रोज’ हा शब्द नीट वाचा. त्या खोलीतल्या शंभर-दीडशे चकत्या एकूणएक रोज हातात घेतल्या जातात.

शाकाहारी वाचकांसाठी इथंच सांगतो : हे रेनेट वासराच्या किंवा कोकराच्या पोटातलं असतं. वेष्टनावर त्याला ‘काल्यो’ म्हणतात. ज्यांना चालत नाही त्यांनी तुमा खाऊ नये. आणि मी आणतो ती कच्च्या दुधाची, न तापवलेल्या. वेष्टनावर ‘लात्ते क्रूदो’ असं असतं. घरात कुणी गरोदर असेल तर तिला देऊ नका. माझ्या बायकोला पूर्ण नऊ महिने आम्ही ती दिली नाही.

वेष्टनाचा विषय निघालाच आहे, तर सगळ्यात महत्त्वाचं. ‘मुरात्सानो’ हे संरक्षित नाव आहे. इटलीनं ते १९८२ साली मान्य केलं, युरोपीय संघानं १९९६ साली. पण या नावाच्या नियमात किमान ६० टक्के दूध मेंढीचं असावं लागतं, उरलेलं ४० टक्क्यांपर्यंत गाईचं चालतं. म्हणजे शिक्का खरा, नाव खरं, आणि तरीही जवळजवळ अर्धी चकती गाईची असू शकते. गाईचं दूध घातलेलं चीज वाईट असतं असं माझं म्हणणं नाही. ते गुळगुळीत असतं, सौम्य असतं, मुलांना आवडतं. पण ते वेगळं चीज आहे. तोरिनोतल्या एका दुकानात मी दोनदा विचारलं, ‘निव्वळ मेंढीचं आहे ना?’ दोन्ही वेळा काउंटरवरच्या माणसानं मान डोलावली. घरी येऊन तोंडात घातलं आणि कळलं. मग उलटून बारीक अक्षरं वाचली, तर ‘मेंढीचं आणि गाईचं दूध’ असं स्पष्ट छापलेलं. दर मात्र निव्वळ मेंढीच्या चीजचा. मला त्याचा राग आला, आणि पैशापेक्षा जास्त त्या बाईंसाठी आला. साठ मेंढ्यांची धार दोन वेळा काढणाऱ्या माणसाच्या मेहनतीचा दर दुसऱ्याच दुधाला मिळाला.

म्हणून ‘१०० टक्के लात्ते दि पेकोरा’, म्हणजे मेंढीचं दूध, हे शब्द डोळ्यांनी वाचल्याशिवाय घेऊ नका. स्लो फूड या संस्थेची गोगलगायीची खूण दिसली तर आणखी चांगलं. ही संस्था इथून जवळच्याच ब्रा गावची. त्यांनी या तुमेला आपल्या संरक्षणाखाली घेतलंय आणि त्यांची अट कडक आहे : फक्त लांगे मेंढीचं कच्चं दूध, दुसरं काही नाही. ब्रा गावात दर विषम वर्षी सप्टेंबरात चीजचा मोठा बाजार भरतो. तिथं एका दुपारी मी सात-आठ घरांची तुमा चाखली. एकीची चव दुसरीला नव्हती, आणि गंमत म्हणजे त्यातली आमच्या बाईंच्या घरची मी डोळे मिटून ओळखली.

चव सांगायची तर वयानं सांगावी लागते.

पाच-सहा दिवसांची तुमा शुभ्र असते. गाईच्या चीजचा पिवळेपणा मेंढीच्या दुधात नसतोच. साल अजून धरलेली नसते, सुरी घातली की ओलसर, नाजूक कड सुटते. तोंडात आधी गोडसर लागते, ताज्या खव्याची आठवण यावी अशी, आणि अगदी शेवटी टाळूला आंबूसपणाची रेघ. मीठ कमी. ही तुमा शिजवू नका, कशावर वितळवू नका. इथली माणसं हिच्यावर अजमोदा, लसूण आणि अँचोवी या खारवलेल्या छोट्या माशाची हिरवी चटणी घालतात; ‘बान्येत वेर्द’ म्हणतात तिला. मी पहिल्या खेपेला ती खाल्ली आणि दुसऱ्या खेपेला हिरव्या मिरचीचा खर्डा केला, खलबत्त्यात, मीठ-लसूण घालून. तव्यावरची गरम भाकरी, वर तुमेचा जाड काप, कडेला खर्डा. भाकरीच्या उबेनं काप खालून किंचित सैल होतो आणि वरून थंडच राहतो. मेंढीच्या दुधातली ती भरीव स्निग्धता मिरचीचा जाळ अंगावर घेते, आणि तरी मिरचीची चव मरत नाही. पनीरनं हे होत नाही. पनीर तिखटापुढं गप्प बसतं.

अडचण पिठाची आहे. तोरिनोतल्या पोर्ता पालात्सोच्या बाजाराजवळच्या आशियाई दुकानांत ज्वारीचं पीठ मिळतं, पण जुनं असतं. भाकरी थापताना चिरा पडतात.

तीन आठवड्यांची तुमा हे दुसरंच प्रकरण. साल पिवळट होते, आतला गर घट्ट होतो आणि कापताना थोडा भुरभुरतो. आता गोडवा मागं सरतो आणि हेझलनट सालीसकट चावल्यासारखी चव पुढं येते. त्याच्या मागून मेंढी येते. तो वास मी शब्दांत पकडायचा फार प्रयत्न केला आणि मला एकच सापडला : पावसात भिजून सुकत घातलेली घोंगडी. दुरून आलेली झुळूक असते नुसती, उग्र नाही. माझ्या इटालियन सहकाऱ्यांना हा वास ‘गोठ्याचा’ वाटतो, त्यांच्यातले दोघं त्या वासापायी ताजीच घेतात. मला विचाराल तर पूर्ण पैसे वसूल होतात ते या तीन आठवड्यांच्या तुमेत. हिच्याबरोबर इथं ‘कोन्या’ खातात. द्राक्षाचा रस मंद आचेवर आटवून त्यात नास्पती, अंजीर, हेझलनट घालून केलेला दाट, काळपट मुरंबा. घरी कोन्या नसेल तर आपला गुळांबा चालतो. मी चालवलाय, आणि बाईंना एक बाटली नेऊनही दिली. पुढच्या खेपेला बाटली धुऊन परत आली, आत हेझलनट भरून.

बरणीतली तुमा महिना-दोन महिन्यांची. जुन्या काळी हिवाळ्यासाठी चकत्या काचेच्या बरणीत दाबून ठेवायचे. बरणीला इथं ‘बुर्निया’ म्हणतात. आत त्या मऊ पडतात, तिखट होतात. भाताबरोबर वगैरे जाणार नाही, पण कोरड्या पावावर बोटभर पुरते. ‘ब्रुस’ म्हणून त्याच्याही पुढचा प्रकार आहे : उरलेसुरले तुकडे एकत्र आंबवतात, त्यात ग्राप्पा ही दारू घालतात आणि ते चमच्यानं काढण्याइतकं पातळ होतं. नाकात झोंबतं, डोळ्यांत पाणी येतं. मला ते झेपलं नाही. बाईंचे वडील रोज सकाळी पावावर लावून खातात.

दराचं बोलू. गोठ्यावर तीनशे ग्रॅमच्या ताज्या चकतीला मी साडेनऊ युरो देतो, जुनीला थोडे जास्त. शहरात तीच बाराच्या पुढं जाते. सुपरमार्केटमधलं मेंढीचं साधं चीज याच्या निम्म्यात मिळतं, तेव्हा हे महाग आहे, यात वाद नाही. पण एका चकतीत जवळपास दोन लिटर दूध जातं, म्हणजे दीड-दोन मेंढ्यांची दिवसभराची कमाई. वर सातू, कुत्र्याचा खर्च, तार, उन्हाळ्यात कमी होणारी धार. गेल्या वर्षी बाईंनी सहा पाटी, म्हणजे तरण्या मेंढ्या, विकल्या, कारण वैरण विकत घ्यावी लागली. तो कळप साठावरून चौपन्नावर आलेला मी मोजला, आणि त्या दिवशी नेहमीच्या दोनऐवजी चार चकत्या घेतल्या.

जाणार असाल तर काही गोष्टी ध्यानात ठेवा. साडेबारा ते चार गोठ्यावर कुणी नसतं, आणि असलं तरी झोपलेलं असतं. मी एकदा दुपारी दोनला पोचलो आणि गाडीत बसून राहिलो. आधी फोन करा, पण कोकरांच्या दिवसांत फोन कुणी उचलत नाही, तेव्हा संदेश पाठवा. ऐन हिवाळ्यात ताजी तुमा मिळत नाही, बरणीतलीच मिळते. वसंतातली, नव्या गवतावरची सगळ्यात चांगली. कागदाचं वेष्टन उन्हाळ्यात चकतीला चिकटतं आणि साल ओढून निघते. हे मी बाईंना दोनदा सांगितलं, अजून बदललेलं नाही. घरी नेल्यावर फ्रीजच्या खालच्या कप्प्यात, झाकण सैल ठेवून. खायच्या आधी अर्धा तास बाहेर काढा. थंड तुमेला चवच लागत नाही. ताजी असेल तर चार दिवसांत संपवा.

माझ्या मनात एक गोष्ट राहून राहून येते, ती लिहितो. या मेंढीची संख्या इतकी घसरूनही ती टिकली, कारण तिच्या दुधाला नाव होतं आणि त्या नावानं पैसे देणारी माणसं थोडी का होईना उरली होती. आमच्या वाड्यावर आज्जी सकाळी जे दूध काढायची त्याला कधी नावच मिळालं नाही. कोकरं पिऊन उरलेलं, पितळीतलं, चहापुरतं. तिनं त्याचं कधी तूप केलं, कधी चिकाचा खरवस केला, पण विकलं कधीच नाही. मेंढीचं दूध कोण विकत घेणार, असं तिला वाटायचं. या वर्षी मी तिला फोनवर सांगितलं की इथं तीनशे ग्रॅमला आपले आठ-नऊशे रुपये देतो. ती बराच वेळ काही बोलली नाही. मग म्हणाली, ‘आन् ती बाई सोता धार काढती न्हवं?’ हो म्हटलं. ‘मग दे,’ म्हणाली.

येत्या एप्रिलात आई येतेय. बाईंना सांगून ठेवलंय : दोन ताज्या, एक तीन आठवड्यांची, एक बरणीतली. आईला सांगितलंय की बाकी काही आणू नको, मंगळवेढ्याच्या मालदांडीचं पीठ तेवढं आण.